केडीए (किल, डेथ, असिस्टचा हिशेब) बघायचाय? आधी तो टिकमार्क बघा!

डोटा २ हा ऑनलाइन गेम खेळून झाला की स्टॅट्सच्या साइटवर निम्मे खेळाडू ‘अनामिक’! कारण सेटिंग्जमधला ‘एक्स्पोज पब्लिक मॅच डेटा’ (माझ्या मॅचची माहिती सगळ्यांना दिसू द्या) हा टिकमार्क बंद. तो चालू केला नाही तर साइट काय डोंबल दाखवणार? आणि रिप्ले, म्हणजे मॅचचं रेकॉर्डिंग, पार्स झाला नसेल (साइटने वाचून काढला नसेल) तर वॉर्ड (नकाशावर नजर ठेवायला लावतात ते) कुठे लावले, हे कळतच नाही. रिप्ले सर्व्हरवरून उडाला की बसा बोंबलत. केडीएचाही घोळच. 4 किल, 14 असिस्ट (साथीदाराच्या किलला मदत), 8 डेथ: एका साइटवर किल अधिक असिस्ट भागिले डेथ, 18 भागिले 8, म्हणजे 2.25, दुसरीकडे भाजकात 1 मिळवून 2. तरी लोक दोन साइटचे आकडे तोंडावर फेकतात! वर सपोर्टला, म्हणजे साथीदारांना मदत करणाऱ्या खेळाडूला, विचारणार, ‘तुझा जीपीएम (मिनिटाला मिळालेलं गोल्ड) इतका कमी का?’ अरे, गोल्ड देणारे क्रीप (गेमचे छोटे सैनिक) तूच मारतोस ना!