सोळा पेन्सवर अडून बसलेला माणूस 'होयबा' कसा?

सर पुरुषोत्तमदास ठाकूरदासांबद्दलचा एक मजकूर सध्या खूप फिरतो आहे. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: हा कापसाचा दलाल, जनतेने कधी निवडून दिला नाही, दिल्लीत इंग्रजांचा होयबा होता आणि 'बॉम्बे प्लॅन' ही उद्योगपतींची आर्थिक योजना लिहून त्याने शेठजींना सरकारच्या तावडीतून सोडवायचा घाट घातला. एकेक मुद्दा घेऊ.

जनतेने निवडून दिलं नाही, हे खरं आहे. 1919 च्या कायद्याने आलेल्या केंद्रीय विधानसभेत ते मुंबईच्या इंडियन मर्चंट्स चेंबरच्या जागेवरून गेले. तिथे मतदार म्हणजे चेंबरचे सभासद. पण सरकारनियुक्त सदस्य वेगळे असत, त्यांत ते नव्हते. असहकाराला त्यांनी मुंबईत उघड विरोध केला, हेही खरं. ते सनदशीर मार्गाचे, जुन्या वळणाचे गृहस्थ होते. ते लपवायचं कारण नाही.

'दलाल' म्हणताना एक गोष्ट सुटते. ईस्ट इंडिया कॉटन असोसिएशनचं अध्यक्षपद त्यांनी अनेक वर्षं सांभाळलं. कापसाची प्रत कोण ठरवणार, वायद्याचा माल कोणत्या प्रतीचा चालेल, तंटा झाला तर निवाडा कोणाचा, या गोष्टी त्या संस्थेने एका नियमाखाली आणल्या. आज हार्बर लाइनवर कॉटन ग्रीन स्टेशन लागतं, ते नाव त्याच बाजाराचं.

आता 'होयबा'. इथे तो मजकूर साफ चुकतो. 1926 साली भारताच्या चलनाचा विचार करायला नेमलेल्या हिल्टन यंग आयोगाने (ठाकूरदास त्याचे सदस्य होते) रुपयाचा भाव 1 शिलिंग 6 पेन्स, म्हणजे अठरा पेन्स, ठेवावा असं सुचवलं. आयोगावरच्या इतर भारतीय सदस्यांनीही ते मान्य केलं. ठाकूरदासांनी एकट्याने भिन्नमतपत्रिका जोडली आणि 1 शिलिंग 4 पेन्सची, म्हणजे सोळा पेन्सची, मागणी केली.

दोन पेन्सने काय बिघडतं? सोळा पेन्सच्या भावाने एका पौंडाचे 15 रुपये होतात, अठराच्या भावाने 13 रुपये 5 आणे 4 पै. समजा, कापसाच्या एका गासडीला लिव्हरपूलला 15 पौंड मिळाले. पहिल्या हिशेबाने इथे 225 रुपये येतात, दुसऱ्याने 200. मुंबईची खंडी दोन गासड्यांची, म्हणजे खंडीमागे 50 रुपये गेले. उलट 15 पौंडांचं लँकेशायरचं कापड 225 ऐवजी 200 रुपयांत मुंबई बंदरात उतरतं. शिवाय वऱ्हाड-खानदेशातल्या शेतकऱ्याचा सारा आणि सावकाराचं देणं रुपयांत ठरलेलं. ते दोन्ही पैनेही कमी होत नाही, कापसाचे रुपये मात्र घटतात.

अठरा पेन्सला भाव आणि मजुरी एव्हाना जुळलेली आहे, असा आयोगाचा दावा होता. ठाकूरदासांनी नेमका तोच खोडला. जुळवणी अजून झालेली नाही, आणि हा भाव टिकवायला सरकारला बाजारातला पैसा आवळावा लागेल, हा त्यांचा मुद्दा. यात मुंबईच्या गिरणीवाल्यांचा आणि कापूस व्यापाऱ्यांचा, म्हणजे त्यांचा स्वतःचाही फायदा होता. तो मान्य करूनही हिशेब बदलत नाही. 1927 च्या कायद्याने अठरा पेन्सच कायम झाले, सोन्याचा भाव तोळ्याला 21 रुपये 3 आणे 10 पै ठरला. पुढे मंदीत शेतमालाचे भाव कोसळले, तरी सरकारने दर सोडला नाही. 1931 मध्ये रुपया पौंडाला बांधला, तोही त्याच दराने. लंडनला हवा होता तो हाच भाव. त्याला लेखी विरोध नोंदवणारा माणूस होयबा कसा?

राहिला बॉम्बे प्लॅन. 1944 साली आठ जणांच्या सहीने तो निघाला, ठाकूरदासांबरोबर जे. आर. डी. टाटा, घनश्यामदास बिर्ला, जॉन मथाई वगैरे होते. पंधरा वर्षं, 10,000 कोटी रुपये, दरडोई उत्पन्न दुप्पट करायचं. त्यातले 3,400 कोटी नव्याने निर्माण केलेल्या पैशातून, म्हणजे थेट सरकारच्या हातून यायचे होते. एवढा पैसा ओतल्यावर भाव भडकणार, म्हणून योजनेच्या काळात आर्थिक व्यवहाराच्या जवळपास प्रत्येक अंगावर सरकारचं कडक नियंत्रण लागेल आणि उद्योगाच्या स्वातंत्र्याला तेवढ्यापुरतं ग्रहण लागेल, असं त्या शेठजींनी स्वतःच लिहून ठेवलं आहे.