सिजिलमासाची लसूणघास

"रस्ता आला की गावाचं शहर होतं, जगात सगळीकडे असंच झालंय," असं दादाने गावाकडच्या ग्रुपवर लिहिलं. विषय शक्तिपीठ महामार्गाचा. वर्ध्याच्या पवनारपासून गोव्याच्या सीमेवरच्या पत्रादेवीपर्यंत सुमारे ८०० किमीचा हा रस्ता आमच्या धाराशिव जिल्ह्यातूनही आखलाय. अण्णांनी त्यावर शब्दानेही उत्तर दिलं नाही. त्यांनी फक्त आपल्या विहिरीचा फोटो टाकला.

हा निरोप मी रिस्सानीत वाचला. मोरोक्कोच्या आग्नेय भागातलं, वाळवंटाच्या काठावरचं हे बाजाराचं गाव. इथल्या खजुराच्या बागांना ठिबक बसवणं हे गेली चार वर्षं माझं काम आहे. बाजारापासून थोडं चाललं की मातीच्या ढासळलेल्या भिंती लागतात. त्या सिजिलमासाच्या. वाळवंटी व्यापारावर श्रीमंत झालेल्या शहरांत हे फार मोठं नाव. दादाच्या "सगळीकडे" मध्ये हे शहर बसतं का, हे मला त्या भिंतींजवळ उभं राहून तपासावंसं वाटलं.

सिजिलमासा वसलं इ.स. ७५७च्या सुमारास, मिकनासा या अमाझिग (बर्बर) टोळीच्या लोकांकडून. ॲटलासच्या डोंगरातून उतरणारी झिझ नदी पुढे वाळूत जिरते, पण जिरण्याआधी तफिलालतचं हिरवं रान पोसते. वर खजूर, त्याच्या सावलीत फळझाडं आणि सगळ्यात खाली लसूणघास. आजही बागा तशाच आहेत. मी नळ्या अंथरतो त्या याच तीन मजल्यांच्या शेतात.

सोन्याचा मोठा ओघ त्यानंतरचा. ते सोनं यायचं त्या काळच्या घाना राज्याकडून, जे आजच्या मॉरिटानिया-मालीच्या भागात होतं. इजिप्तहून तिकडे जाणारी एक जुनी वाट होती. वादळांत तांडेच्या तांडे गाडले जाऊ लागले, लुटारू वाढले आणि व्यापाऱ्यांनी ती सोडली, असं दहाव्या शतकातला प्रवासी इब्न हौकल सांगतो. मग ते सिजिलमासाकडे वळले. म्हणजे इथे आधी पाणी होतं, पाण्यावर वस्ती होती, आणि वाट वस्तीकडे आली.

इब्न हौकलने इथे बसरा, कूफा आणि बगदादहून येऊन राहिलेले व्यापारी पाहिले. आणि वाळवंटापलीकडच्या औदाघोस्तमध्ये त्याने एक ऋणपत्र पाहिलं, आपल्या हुंडीच्या जातीचं: सिजिलमासाच्या एका माणसाकडून ४२,००० दिनार येणं! मधली वाट जवळपास दोन महिन्यांची. तरी त्या कागदाला किंमत होती, कारण कर्जदाराचं गाव, त्याचा शेजार, तिथले साक्षीदार सगळ्यांना माहीत होते. शहर म्हणजे मला तरी हेच वाटतं.

१३५२ साली प्रवासी इब्न बतूता इथून दक्षिणेला निघाला. त्याच्या सुमारे दहा वर्षं आधी तो आपल्या दौलताबादेत येऊन गेला होता. सिजिलमासात त्याने उंट घेतले आणि चार महिन्यांचा चारा घेतला. पुढे पंचवीस दिवसांवर तगाझा, जिथली घरं मिठाच्या ठोकळ्यांची. चार महिन्यांचा चारा! तो पिकवणारा शेतकरी, बांधणारा मजूर, उंटांचा दलाल, उतरायला खोली देणारा घरमालक, या सगळ्यांच्या हातात पैसा पडल्याशिवाय तांडा हलतच नव्हता.

दादा अर्धा बरोबर आहे, हे मान्य करायला हवं. सोनं आलं नसतं, तर तफिलालत खजुराची बाग राहिली असती, तिथे टांकसाळ निघाली नसती. आणि त्याच वाटेने माणसं गुलाम म्हणून हाकत आणली गेली, तेही या वैभवाच्या हिशेबात धरलंच पाहिजे.

पण तांड्याला थांबावं लागत होतं. गेल्या दिवाळीला मी समृद्धी महामार्गाने मुंबईला गेलो. रस्ता उत्तम, विमान वेळेत मिळालं. दोन्ही बाजूंना कुंपण, गाडी ताशी १२० वर. वाटेतल्या एकाही गावात आम्ही साधा चहासुद्धा घेतला नाही, घेणं शक्यच नव्हतं. इंटरचेंजजवळ नवनगरं उभी राहतील, असं त्या रस्त्याच्या वेळी सांगितलं होतं. शक्तिपीठाच्या बाजूने बोलणाऱ्यांना माझा प्रश्न हाच आहे: आमच्या शिवारातून जाणारा माणूस नेमका कशासाठी उतरणार? जे विकून त्याला थांबवायचं, ते पिकवणारी बागायतच जर रस्त्याखाली घातली, तर त्याला द्यायला आमच्याकडे उरणार काय?

आमच्या शेजारचं तेर हे जुनं तगर. पहिल्या शतकातल्या ग्रीक व्यापाऱ्याच्या नोंदींत पैठणच्या पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर ते सापडतं, गाड्या भरभरून कापड भडोचला पाठवणारं. तिथेही कापड विणणारे हात होते म्हणून गाड्या येत होत्या.

सोळाव्या शतकाच्या आरंभी हसन अल-वझ्झान हा प्रवासी सिजिलमासाला आला, तेव्हा ते उद्ध्वस्त झालं होतं. तट लोकांनीच पाडला होता आणि ते बागांमधल्या कोटबंद वाड्यांत विखरून राहत होते. शहर गेलं तरी पाण्यामुळे माणसं टिकली. आज मात्र तेच पाणी खोल चाललंय. डोंगराकडून पाणी आणणारे इथले भुयारी कालवे, खेत्तारा, एकामागून एक कोरडे पडलेत. नव्या मोठ्या बागांच्या बोअर खोल गेल्यात आणि त्यांतल्या काहींना नळ्या मीच जोडल्यात. याचं मला वाईट वाटतं. म्हणूनच अण्णांचा तो फोटो मला पुन्हा पुन्हा उघडून पाहावासा वाटला.

मी ग्रुपवर दादाला दोनच गोष्टी विचारल्या. आपल्या तालुक्यात इंटरचेंज कुठे आहे? आणि आखणीत येणाऱ्या जमिनीत चालू विहिरी किती? पहिल्याचं उत्तर त्याच्याकडे नव्हतं. दुसऱ्यासाठी तो स्वतः मोटारसायकल घेऊन निघालाय. काल रात्रीपर्यंत अकरा झाल्या होत्या, अण्णांची धरून.