पंखा फिरत नाही!

माझ्या विमानाचा उजवा पंखा बिघडलाय, ही बातमी गंगापूर रोडवरच्या आमच्या सोसायटीत वॉचमनपर्यंत पोचली आहे. विमान कॉम्प्युटरवरच्या सिम्युलेटरमधलं, पंखा ठणठणीत, आणि बातमीदार शेजारचे काका.

काका पेपर मागायला आले, तेव्हा स्क्रीनवर ओझरच्या विमानतळावर एटीआर ७२-६०० हे दोन पंख्यांचं प्रवासी विमान उभं होतं. उजवं इंजिन 'हॉटेल मोड'मध्ये. या विमानाला शेपटीतलं ते छोटं इंजिन, एपीयू, नसतंच. म्हणून उजव्या पंख्याला प्रॉप ब्रेक लावायचा, स्टार्ट दाबायचं आणि एनएच, म्हणजे आतल्या कॉम्प्रेसरचा वेग, १० टक्क्यांवर आला की इंधनाचा आणि पंख्याचा दांडा, म्हणजे कंडिशन लीव्हर, 'फेदर'च्या खुणेवर न्यायचा. इंजिन चालतं, वीज आणि एसीची हवा मिळते, सहा पाती मात्र ढिम्म.

"घरघर तर येतेय. मग पंखा का फिरत नाही?"

"ब्रेक लावलाय, काका."

"चालू पंख्याला ब्रेक? मोटर जळेल!"

"मोटर नाही हो. पंखा फिरवणारी टर्बाइन वेगळ्या शाफ्टवर असते. ती अडवली तरी आतला कॉम्प्रेसर मोकळा फिरतो."

काकांनी चष्मा कपाळावर चढवला. "आमच्या हॉलमधला असाच नुसता घुमायचा. कपॅसिटर गेला होता. अडीचचा टाका. काठीनं ढकलून बघितलंत?"

"काका, हे विमान आहे."

"तेच म्हणतोय. अहो, डावाही बंदच दिसतोय!"

"प्रवासी डाव्या बाजूनं चढतात. तो नंतर सुरू करायचा."

"म्हणजे दोन कपॅसिटर."

संध्याकाळी इलेक्ट्रिशियन दारात हजर. व्हिजिटचे पैसे अर्थातच मी दिले. काका जिन्यातून "झालं का काम?" विचारून गेले. पेपर अजून त्यांच्याकडेच आहे.

जिथे खरंच अडतं, तिथे मात्र कुणी सल्ला द्यायला येत नाही. प्रॉप ब्रेक सोडायला 'निळ्या' हायड्रॉलिक सिस्टिमचं प्रेशर हवं आणि गस्ट लॉक, म्हणजे उभ्या विमानाची कंट्रोल्स वाऱ्यानं हलू नयेत म्हणूनचं कुलूप, लावलेला हवा. मगच 'रेडी'चा दिवा लागतो. लॉक आधीच काढून ठेवला, की बसा स्विचशी खेळत. बरं, सिम्युलेटरसाठी घेतलेल्या घरच्या थ्रॉटलला, म्हणजे दांड्यांच्या खोक्याला, गस्ट लॉकचा खटका नाही, इंजिनाची ताकद वाढवणारा पॉवर लीव्हर टेकऑफच्या जागी अडावा अशी खाच नाही. खऱ्या विमानात टेकऑफला हात आपोआप तिथे थांबतो. इथे ऐन धावपट्टीवर नजर खाली टॉर्कच्या, म्हणजे इंजिनाच्या जोराच्या, आकड्यावर, आणि तेवढ्यात नाक गवताकडे. एवढी किंमत लावतात, एक खाच पाडायला थ्रॉटल बनवणाऱ्यांचं काय जातं?