तडजोडनाम्याचा मजकूरही तितकाच महत्त्वाचा

मध्यस्थीने तडजोड झाली की जमिनीचा वाद कायमचा मिटतो, असं जमिनीच्या वादातल्या मध्यस्थीवरच्या एका लेखात म्हटलंय. मध्यस्थीच्या बाजूने मीही आहे. दिवाणी दावा, अपील, मग दुसरं अपील यात अख्खी पिढी सरते. पण तडजोडनाम्यात काय लिहावं यावर लेखात एक ओळही नाही, याची खंत वाटली.

'पूर्वेकडील अर्धा हिस्सा थोरल्या भावाकडे' एवढंच लिहून सह्या होतात. अर्धा मोजायचा कुठून? विहिरीच्या पाण्याच्या पाळ्या कशा? मागच्या शेतात जायची वाट कुणाच्या वाट्यातून? गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा आणि मोजणीचा नकाशा जोडला नसेल तर त्या तडजोडीवरून कोर्टाने दिलेला हुकूमनामा अंमलात आणताना तेच भांडण पुन्हा उभं राहतं. शिवाय संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर सहसा अपील चालत नाही, आणि तडजोडच बेकायदेशीर होती म्हणून नवा दावाही लावता येत नाही. दाव्यात नसलेली एखादी मिळकत तडजोडीत घातली तर नोंदणीचा प्रश्न येतो, तोही आधीच वकिलाला विचारून घ्यावा.

सर्वांत जास्त राग येतो तो बहिणींना फक्त सहीपुरतं बोलावतात याचा. हिंदू वारसा कायद्यातल्या २००५ च्या दुरुस्तीनंतर वडिलोपार्जित मिळकतीत मुलीचा हक्क मुलाइतकाच आहे. हे तिला सहीच्या आधी तिच्या स्वतःच्या वकिलाने समजावून सांगितलं पाहिजे. भावाचाच वकील तिच्याही वतीने उभा असेल, तर तिथे मध्यस्थाने बैठक थांबवावी.