शेजारचं बेट नावावर करून घ्यायचं असेल तर

दरवर्षी नांगराचं एखादं तास जास्त ओढून शेजाऱ्याचा बांध कोरणाऱ्या माणसांची मला दया येते. मेहनत फार, पदरात वीतभर जमीन आणि वर शेजारणीचे शिव्याशाप. तुम्ही त्यांतले असाल तर जरा मोठा विचार करा. सोळाव्या-सतराव्या शतकात इंग्लंडनं आयर्लंडचं बहुतेक बेट आपल्या माणसांच्या नावावर चढवलं, ती रीत शिकून घ्या. तलवार लागतेच, पण तिचं फार कौतुक नको. खरं काम कारकुनाचं आहे.

सुरुवातीला जमिनीचं नावही काढू नका. आधी शेजाऱ्याच्या अंगावरच्या कपड्यांकडे बघून नाक मुरडा. १५३७ च्या कायद्यानं आयरिश माणसाला सांगितलं की कपाळावर झुलपं नकोत, ओठावर मिशी नको, केशरी रंगाचा सदरा नको आणि सदऱ्याला सात यार्डांहून जास्त कापड नको. सदऱ्याचं कापड मोजून द्यायची एकदा सवय लागली की शेत मोजून द्यायला माणूस फारसा बिचकत नाही. त्याच्याही आधी, १३६६ मध्ये, किल्केनीला एक कायदा झाला होता. आयर्लंडमध्ये राहून आयरिश बोलू लागलेल्या इंग्रजांनी इंग्रजीच बोलावं, असं त्यात बजावलं होतं. तो कायदा लिहिला होता फ्रेंचमध्ये. हे वाचून ज्यांना हसू आलं त्यांनी या धंद्यात पडू नये.

मग शेजाऱ्याचा मानपान करा. आयरिश रिवाजात जमीन सगळ्या भावकीची, आणि सरदार भावकीनं निवडलेला. त्याला दरबारात बोलवा, गोड बोला, सगळी जमीन राजाच्या पायाशी ठेवायला लावा आणि तीच त्याला परत द्या, पण या खेपेला इंग्रजी सनदेवर, एकट्याच्या नावानं. १५४२ मध्ये कॉन ओनील असाच टायरोनचा अर्ल झाला. जे त्याचं एकट्याचं नव्हतं ते त्यानं दिलं आणि जे राजाचं नव्हतं ते राजानं परत केलं. घरातलं भांडण वेगळं लावून द्यावं लागलं नाही. वारस कोण, सनदेत लिहिलेला की भावकीनं मानलेला, यावरून पोरं एकमेकांवर उठली आणि सनदेतला वारस १५५८ मध्ये सावत्र भावाच्या माणसांनी कापला. यात आपला एक पैसाही खर्च होत नाही, हे टिपून ठेवा.

नावं लवकर बदला. १५५६-५७ मध्ये लीश आणि ऑफली हे मुलूख 'राणीचा परगणा' आणि 'राजाचा परगणा' झाले. ही राणी मेरी, राजा तिचा नवरा फिलिप, आणि दोघंही आयरिशांसारखेच कट्टर कॅथलिक. म्हणजे इंग्लंड प्रोटेस्टंट आणि आयर्लंड कॅथलिक, हे धर्माचं कारण मागाहून सापडलं. सापडल्यावर मात्र ते फार टिकाऊ निघालं. १६१३ मध्ये डेरीचं लंडनडेरी केलं, कारण तिथली वसाहत उभारायचं काम लंडनच्या व्यापारी संघांच्या गळ्यात मारलं होतं. नामांतराचं भांडण किती पिढ्या पुरतं, हे मराठी वाचकाला मी काय सांगावं!

पदरी एखादा कवी असू द्या. दक्षिणेकडच्या मन्स्टर प्रांतातलं बंड मोडताना पिकं जाळली, गुरं हाकलली आणि माणसं उपाशी मेली. पुढे त्याच प्रांतात तीनेक हजार एकर मिळालेला एडमंड स्पेन्सर हा कवी. पायांत बळ न उरल्यानं हातांवर सरपटत रानाबाहेर येणारी माणसं त्यानं असं लिहून ठेवलं आहे की वाचताना अंगावर काटा येतो. आणि पुढच्या मोहिमेसाठी त्याचा सल्ला काय, तर उपासमारीचाच उपाय लवकर गुण देतो. तुम्ही दुसरा कुणी नेमला असतात तर तो पहिल्या परिच्छेदातच रडत बसला असता.

तहाच्या वेळी शेजाऱ्याला सगळं सांगत बसू नका. उत्तरेकडच्या अल्स्टर प्रांताचा सरदार ह्यू ओनील इंग्रजांशी नऊ वर्षं लढून ३० मार्च १६०३ ला मेलिफाँटला एलिझाबेथ राणीला शरण आला. राणी २४ तारखेलाच वारली होती. समोरच्या अधिकाऱ्याला हे ठाऊक होतं, पण आलेल्या पाहुण्याला दुःखद बातमी कोण देणार? चार वर्षांनी ओनील आणि त्याचे साथीदार जहाजात बसून देशाबाहेर गेले आणि अल्स्टरचे सहा परगणे सरकारजमा झाले. ते हजार, दीड हजार, दोन हजार एकरांच्या तुकड्यांनी इंग्रज-स्कॉट मंडळींना वाटले. बड्या मालकांना अट अशी की आयरिश कूळ ठेवायचं नाही. मालकांनी ठेवलं. आयरिश कूळ खंड जास्त द्यायचं.

एवढं करूनही पैसा कमी पडला तर भाग विका. १६४१ मध्ये बंड झालं, तेव्हा लंडनच्या पार्लमेंटनं दुसऱ्याच वर्षी कायदा केला: बंड मोडायला आज पैसे द्या, जिंकल्यावर जमीन घ्या. हजार एकरांचा दर अल्स्टरमध्ये २०० पौंड, कनॉटमध्ये ३००, मन्स्टरमध्ये ४५० आणि लेन्स्टरमध्ये ६००. एकूण पंचवीस लाख एकर गहाण टाकले, अजून हातात न आलेले. पुढे पार्लमेंटचा सेनापती झालेल्या क्रॉमवेलनंही पैसे घातले होते. १६४९ मध्ये तो स्वतः फौज घेऊन वसुलीला उतरला. ड्रोएडा आणि वेक्सफर्डला कत्तली झाल्या, त्या इतिहासात आहेत. आपला विषय कागद आहे.

कॅथलिक जमीनमालकांना हुकूम निघाला: १ मे १६५४ च्या आत शॅनन नदीपलीकडे, पश्चिमेच्या कनॉट प्रांतात निघून जा. जाणाऱ्यांच्या दाखल्यांवर वय, उंची, केसांचा रंग, गुरं, पेरलेलं पीक, सगळं टिपलेलं असायचं. पलीकडे जागा होती, पण नदी आणि समुद्राच्या काठची मैलभर पट्टी शिपायांसाठी राखून. घर दिलं आणि दार ठेवून घेतलं म्हणा ना.

आता सगळ्यात महत्त्वाचा माणूस: मोजणीदार. विल्यम पेटी मूळचा डॉक्टर. ऑक्सफर्डला १६५० मध्ये फाशी दिलेली एक बाई शवपेटीत धुगधुगताना सापडली, तेव्हा तिला जिवंत करणाऱ्यांत हा होता. पुढे त्यानं बेकार शिपायांच्या हाती साखळ्या दिल्या आणि साधारण तेरा महिन्यांत जप्तीतली जमीन मोजून नकाशावर उतरवली. आपल्याकडे मोजणीची तारीख मिळायला किती दिवस लागतात, ते आठवून त्याला नमस्कार करा. शिपायांना पगाराऐवजी जमिनीच्या चिठ्ठ्या दिल्या होत्या. कित्येकांनी त्या पडत्या भावानं आपल्याच साहेबांना विकल्या. पेटीला केरीमध्ये मोठी जहागीर झाली. तोही हिशेब त्यानं लिहिला: १६४१ ते १६५२ मध्ये तलवार, साथ, उपासमार, हाल आणि हद्दपारी यांत सुमारे ५,०४,००० आयरिश गेले. नुकसानीची रक्कम काढताना त्यानं गुलामांच्या बाजारातला दर लावला. सरसकट माणशी १५ पौंड. पुरुष २५, मूल ५.

(ही विद्या आपल्या दाराशीही येऊन गेली. १६६९ पासून मुंबईचा कारभार पाहणारा जेराल्ड अंजिअर याच आयर्लंडमधल्या इंग्रज घराण्यातला, आजोबा लाँगफर्डचे बॅरन. मुंबईत जमीनमालकांशी करारमदार करताना त्याचा हात अडखळला नाही.)

शेवटी जमीन हातात ठेवायची कशी? १६०६ मध्ये डब्लिनच्या न्यायाधीशांनी ठरवलं होतं की जमीन भावाभावांत वाटायची आयरिश चाल रानटी, म्हणून रद्द. १७०४ मध्ये डब्लिनच्याच पार्लमेंटनं ठरवलं की कॅथलिक माणसाची जमीन त्याच्या मुलांत वाटलीच पाहिजे. थोरल्यानं धर्म बदलला तर सगळी त्याची. त्या सुमारास कॅथलिकांकडे शंभरातले चौदा एकर उरले होते, साठ वर्षांपूर्वी साठाच्या आसपास होते. वाटणी भाऊच करतात. आपण फक्त नोंद घ्यायची.

आणि हो, कॅथलिकानं पाच पौंडांहून जास्त किमतीचा घोडा ठेवायचा नाही, असाही कायदा १६९५ पासून होता. कुठल्याही प्रोटेस्टंटानं पाच पौंड पाच शिलिंग पुढे करावेत आणि घोडा घेऊन जावं. तेव्हा शेजारी तक्रार करायला घोड्यावर बसून आला, तर आधी घोडा नीट निरखून घ्या. खिशात पाच पौंड पाच शिलिंग सुटे असू द्या.