मळू नकोस!

मैदा, मीठ, खायचा सोडा आणि ताक. यीस्ट नाही, पीठ फुगायची वाट बघणं नाही, तासाभरात पाव टेबलावर. आयरिश सोडा ब्रेडचं हे वर्णन ऐकून कुणीही भुलेल. त्यात हाताला केवढी शिक्षा आहे, ते कुणी सांगत नाही.

आयर्लंडमध्ये, कॉर्कला आमच्या शेजारच्या आजींनी माझं मनगटच धरलं. बोटं पंजासारखी ताठ ठेवायची, पिठात गोल फिरवायची आणि गोळा जमला की हात बाहेर. मी तेलाचा हात लावून कणीक तिंबणारी बाई! समोर तो खडबडीत, चिकट गोळा पसरलेला आणि त्याला बोट लावायचं नाही. त्यात व्हिडिओ कॉलवर साताऱ्याहून आई, "अगं, तिंब की जरा! असंच ठेवणारेस?"

"मळलंस तर वीट होईल," आजी.

मी दुभाषी. आईला म्हटलं, इथला गहू मऊ, त्यात ग्लुटेन कमी, यीस्टच्या पावाला तो फारसा मानवत नाही. एकोणिसाव्या शतकात खायचा सोडा आला आणि या गव्हाचं नशीब उघडलं. पण ताकातल्या आम्लाला सोडा भेटला की लगेच बुडबुडे सुटतात, रेंगाळून चालत नाही.

"म्हणजे इनो घातलेलं ढोकळ्याचं पीठच की! मग गप्पा काय मारतेस?" आईने पक्ष बदलला. आता दोघी एका बाजूला.

मी हळूच बेदाणे काढले. आजी म्हणाल्या, घाल, पण मग त्याला स्पॉटेड डॉग म्हणायचं, सोडा ब्रेड नाही. अमेरिकेत शहाजिरंसुद्धा घालतात, हे त्यांनी आवाज खाली आणून सांगितलं. ओव्याचा विषय मी काढलाच नाही.

मग सुरीने खोल फुली. आत अडकलेल्या पऱ्या बाहेर पडाव्यात म्हणून, असं आजी म्हणाल्या. आईला ते ताबडतोब पटलं. फुलीमुळे उष्णता मध्यापर्यंत पोचते, हे माझं शास्त्र दोन्ही देशांत कुणी ऐकून घेतलं नाही.

ओव्हन आधी २३० अंशांवर, मग २००. पाव बाहेर काढून उलटा करायचा आणि तळावर टकटक करायची, पोकळ आवाज आला की झाला. आजींनी वाजवला, कान लावला, समाधानाने माझ्याकडे बघितलं.

"मला नाही ऐकू आलं," फोनमधून आई. "फोन जवळ ने आणि परत वाजवायला सांग त्यांना."

मी भाषांतर करायच्या आत आजींनी परत वाजवला होता.