फूल नव्हे, फास!
ऑर्किड मँटिस या फुलासारख्या दिसणाऱ्या शिकारी किड्यावरचा तुमचा लेख मस्त झालाय, खरं एक गोष्ट राहिली. तो ऑर्किडच्या फुलांत लपून बसतो असं तुम्ही लिहिलंय, पण त्याला लपायला फूलच लागत नाही की, तो हिरव्या पानावर नुसता बसला तरी मधमाश्या त्यालाच फूल समजून येतात. 2014 ला मलेशियातल्या अभ्यासाचे रिझल्ट आले त्यात तर खऱ्या फुलापेक्षा याच्याकडेच जास्त किडे आले म्हणे! पायाच्या मांड्या पाकळ्यागत पसरट, रंग पांढरा-गुलाबी, आणि मादी 6-7 सेंमी तर नर तिच्या निम्म्याहून लहान, बिचारा.

हा आग्नेय आशियातला, आमच्या बेळगावजवळच्या खानापूर-जांबोटीकडं शोधून मिळायचा नाही. खरं आमच्यात पण फुलावर दबा धरून बसणारा मँटिस आहे, हिरवा-पांढरा, पंखावर डोळ्यासारखा ठिपका. गेल्या दसऱ्याला परसातला झेंडू तोडताना पाकळी समजून हात लावला तर ती पाकळी मान वळवून माझ्याकडंच बघायला लागली, हातातली बुट्टी सुटली की हो! आई म्हणाली नाकतोडा असंल. आमच्यात हिरवं दिसलं की सगळे नाकतोडेच.

फोटो काढायच्या आत गायब.